ज्वारीची बिस्किटे

ज्वारीची बिस्किटे : ज्वारीच्या पिठात स्निग्ध पदार्थ, गूळ किंवा साखर व थोडे दूध मिसळून, गोळ्यांना चपटा आकार देऊन कोरड्या उष्णतेवर भाजलेला खुसखुशीत पदार्थ. पाश्चात्त्य देशांत ओटच्या पोह्यांपासून घरोघरी करण्यात येणाऱ्या बिस्किटांचा हा महाराष्ट्रातील सर्वांत जवळचा प्रतिरूप पदार्थ होय. ज्वारी हे मुख्य अन्न असलेल्या धाराशिव (पूर्वीचे उस्मानाबाद), सोलापूर, बीड, लातूर या जिल्ह्यांत त्यासाठी लागणारे बहुतेक जिन्नस घरचे किंवा गावातले असतात. ही बिस्किटे आरोग्यास हितकर आहेत, असा समज अलीकडे रूढ झाला आहे. तो कितपत खरा आहे, हे धान्याच्या नावापेक्षा पीठ, गोडी व स्निग्धांश यांच्या प्रमाणावर अवलंबून असते.

पूर्वपीठिका : बिस्किट या शब्दाचा मूळ लॅटिन अर्थ ‘दोनदा भाजलेले’ असा आहे. समुद्रप्रवासात व सैन्याच्या मोहिमांत टिकावी म्हणून रोटी पुन्हा भाजून कोरडी करीत; त्या क्रियेवरून हे नाव पडले. अमेरिकेत रूढ असलेला कुकी हा शब्द डच भाषेतील ‘लहान केक’ या अर्थाच्या शब्दावरून आला. ओट हे थंड व ओलसर हवेचे पीक असल्याने स्कॉटलंडमध्ये ते प्रमुख अन्न बनले आणि तेथे ओटच्या पातळ, बिनगोड वड्या तव्यावर भाजण्याची जुनी चाल होती. अमेरिकेत तिला साखर, लोणी व मनुका यांची जोड मिळाली. फॅनी फार्मर यांच्या १८९६ मध्ये बॉस्टन येथे प्रसिद्ध झालेल्या पाकपुस्तकात ओटच्या कुकीची कृती आढळते.

पश्चिम भारतात या प्रकारचा जुना पदार्थ म्हणजे नानकटाई. नान म्हणजे रोटी हा फार्सी शब्द तिच्या नावात आहे. सुरत येथे डच वखारीच्या काळात सुरू झालेल्या व पुढे पारशी कारागिरांकडे आलेल्या भट्टीशी तिची परंपरा जोडली जाते. मुंबईत पार्ले कंपनी १९२९ मध्ये स्थापन झाली व १९३९ पासून ती बिस्किटे बनवू लागली. कारखान्यातील स्वस्त ग्लुकोज बिस्किटांचा पुडा त्यानंतरच्या काळात खेडोपाडीच्या किराणा दुकानांत पोहोचला. महाराष्ट्रातील लहान शहरांत मात्र आणखी एक प्रथा दीर्घकाळ चालू राहिली. दिवाळीच्या किंवा उन्हाळी सुटीच्या सुमारास घरचा मैदा किंवा कणीक, साखर व तूप बेकरीत न्यायचे, मजुरी देऊन नानकटाई व बिस्किटे भाजून घ्यायची आणि ती पत्र्याच्या डब्यांत भरून घरी आणायची, अशी ती रीत होती. या प्रथेमुळे बिस्किटात काय व किती घालायचे, याचा निर्णय घरच्या गृहिणीच्या हाती राहत असे. घरगुती बिस्किटांचे आजचे महत्त्वही मुख्यतः यातच आहे.

धाराशिव जिल्हा व ज्वारी : बालाघाटच्या पठारावरील हा जिल्हा अवर्षणप्रवण असून त्यात धाराशिव, तुळजापूर, उमरगा, लोहारा, कळंब, भूम, परंडा व वाशी हे आठ तालुके आहेत. उस्मानाबादचे धाराशिव असे अधिकृत नामांतर २०२३ मध्ये झाले. येथील रब्बी ज्वारी सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये पेरतात व काळ्या जमिनीत साठलेल्या ओलीवर ती वाढते; काढणी फेब्रुवारी-मार्चमध्ये होते. मोहोळ (जि. सोलापूर) येथील संशोधन केंद्रात निवड पद्धतीने सिद्ध झालेला मालदांडी ३५-१ हा वाण टपोऱ्या, मोत्यासारख्या दाण्यांमुळे व भाकरीच्या चवीमुळे लोकप्रिय आहे. परभणी मोती, फुले वसुधा, फुले रेवती हे नंतरचे सुधारित वाण होत. शेजारच्या सोलापूर जिल्ह्यातील मंगळवेढ्याच्या ज्वारीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. [⟶ ज्वारी].

या भागात ज्वारीचे पदार्थ भाकरीपुरते मर्यादित नाहीत. कडक भाकरी, धपाटे, आंबील, लाह्या, हुरडा हे सर्व तिचेच प्रकार आहेत. मार्गशीर्ष अमावास्येस धाराशिव व लातूर जिल्ह्यांत वेळ अमावास्या साजरी होते. त्या दिवशी शेतात कडब्याची कोप करून पूजा करतात आणि आंबील, भज्जी, ज्वारी-बाजरीचे उंडे यांचे वनभोजन होते. १९७२ च्या दुष्काळात मात्र ज्वारीच्या या प्रदेशावर परदेशातून आयात केलेली तांबडी मिलो ज्वारी शिधावाटपात घेण्याची वेळ आली. त्या काळी दुष्काळी कामांवर भाजलेल्या धान्याच्या पिठाची सुकडी वाटण्यात येई. पीठ, गोडी व स्निग्धांश एकत्र करून थोड्या आकारमानात अधिक ऊर्जा द्यायची, हे सुकडीचे तत्त्व आणि बिस्किटाचे तत्त्व एकच आहे. उपासमारीच्या काळात जो गुण ठरतो, तोच बैठ्या जीवनात दोष ठरू शकतो, हे या पदार्थाचा विचार करताना ध्यानात ठेवणे आवश्यक आहे.

गेल्या काही दशकांत जिल्ह्यात खरिपात सोयाबीनचा व रब्बीत हरभऱ्याचा विस्तार झाला. स्वस्त धान्य दुकानांतून गहू-तांदूळ मिळू लागले. ज्वारीची काढणी व पाखरांपासून राखण ही कष्टाची कामे आहेत. या कारणांनी ज्वारीचे क्षेत्र व रोजच्या आहारातील तिचे स्थान ही दोन्ही घटली. याच काळात सकाळच्या चहाबरोबर मैदा, साखर व वनस्पती तेल यांपासून बनलेली बिस्किटे हा अनेक घरांत लहान मुलांचा पहिला आहार झाला. ज्वारीच्या बिस्किटांचा प्रश्न त्यामुळे केवळ पाककृतीचा राहत नाही. जे धान्य ताटातून कमी होत आहे, ते मुलांना आवडणाऱ्या रूपात परत आणता येईल काय, असा तो प्रश्न आहे.

ओट व ज्वारी : ओट (जवी) हे धान्य म्हणून महाराष्ट्रात पिकवीत नाहीत, येथे ते मुख्यत्वे बागायती हिरव्या चाऱ्याचे पीक आहे. त्याचे पोहे बाजारात पुड्यांतून मिळतात व ज्वारीपेक्षा पुष्कळ महाग पडतात. ओटच्या पोह्यांत दर १०० ग्रॅममध्ये सुमारे १३ ग्रॅ. प्रथिन, ७ ग्रॅ. वसा व १० ग्रॅ. तंतुमय पदार्थ असतात. त्यांतील बीटा-ग्लुकान हा विद्राव्य तंतू विशेष महत्त्वाचा आहे. रोज ३ ग्रॅ. इतका पोटात गेल्यास तो रक्तातील कोलेस्टेरॉल काही प्रमाणात कमी करतो. ज्वारीत हा गुण त्या प्रमाणात नाही, कारण तिच्यातील तंतू बहुतांशी अविद्राव्य असतात. ते पचनमार्गातील गती सुधारतात व खाल्ल्यावर तृप्ती देतात. ओटची बिस्किटे खाऊन बीटा-ग्लुकान ३ ग्रॅ. मिळवायचे, तर सुमारे ७५ ग्रॅ. ओट पोटात जावे लागतात आणि त्यांबरोबर येणारी साखर व लोणी लाभावर मात करतात. ओटचा हा लाभ घ्यावयाचा असल्यास बिस्किटांपेक्षा दुधातील लापशी अधिक योग्य होय.

हैदराबाद येथील राष्ट्रीय पोषण संस्थेने २०१७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अन्नघटक कोष्टकांनुसार दर १०० ग्रॅममधील मूल्ये सुमारे पुढीलप्रमाणे आहेत :

मैदा – ऊर्जा ३५२ किलोकॅलरी, प्रथिन १०·४ ग्रॅ., तंतू २·८ ग्रॅ., लोह १·८ मिग्रॅ.
गव्हाची कणीक – ऊर्जा ३२० किलोकॅलरी, प्रथिन १०·६ ग्रॅ., तंतू ११·४ ग्रॅ., लोह ४·१ मिग्रॅ.
ज्वारी – ऊर्जा ३३४ किलोकॅलरी, प्रथिन १०·० ग्रॅ., तंतू १०·२ ग्रॅ., लोह ४·० मिग्रॅ.
बाजरी – ऊर्जा ३४८ किलोकॅलरी, प्रथिन ११·० ग्रॅ., तंतू ११·५ ग्रॅ., लोह ६·४ मिग्रॅ.
नाचणी – ऊर्जा ३२१ किलोकॅलरी, प्रथिन ७·२ ग्रॅ., तंतू ११·२ ग्रॅ., लोह ४·६ मिग्रॅ.

या आकड्यांवरून दोन गोष्टी स्पष्ट होतात. मैद्याच्या तुलनेत ज्वारीत तंतुमय पदार्थ साडेतीन पटींहून अधिक आहेत. परंतु कोंड्यासह दळलेल्या गव्हातही ते तितकेच आहेत. म्हणजे मूळ फरक गहू व ज्वारी यांत नसून, सत्त्व काढून घेतलेले पीठ व संपूर्ण धान्याचे पीठ यांत आहे. दुसरे असे की ऊर्जेच्या बाबतीत या सर्व पिठांत फारसे अंतर नाही.

घटकांचे कार्य : गव्हाच्या पिठातील ग्लुटेन पाण्याशी संयोग पावून चिवट, लवचिक जाळे तयार करते. ज्वारीच्या प्रथिनांस हा गुण नसल्याने तिची पोळी लाटता येत नाही. भाकरीसाठी गरम पाण्याने पीठ भिजवून स्टार्चचा चिकटपणा उपयोगात आणावा लागतो. बिस्किटास मात्र चिवटपणा नको असतो. नानकटाईत मैद्याला तुपाचे भरपूर मोहन घालतात ते ग्लुटेनचे जाळे तयार होऊ नये म्हणूनच. ज्वारीत ते मुळातच नसल्याने कमी मोहनातही बिस्किट खुसखुशीत होते. ज्वारीचा हा उणेपणा येथे गुण ठरतो आणि स्निग्धांश कमी करण्यास वाव देतो. मात्र बंध कमी पडल्याने बिस्किट भुगा होऊन तुटते. म्हणून चौथा हिस्सा कणीक मिसळतात.

साखर केवळ गोडीसाठी नसते. भाजताना ती वितळून बिस्किट पसरविते, थंड झाल्यावर घट्ट होऊन कुरकुरीतपणा देते व पृष्ठभागास तांबूस रंग आणते. म्हणून तिचे प्रमाण फारच घटविल्यास बिस्किट फिके, जाड व कोरडे होते. पिठाच्या वजनाच्या सुमारे एक तृतीयांश इतकी गोडी ही घरगुती बिस्किटासाठी सोयीची खालची मर्यादा म्हणता येईल. तिच्याखाली जावयाचे असल्यास बियारहित खजुराचा लगदा किंवा पिकलेले केळे वापरतात, पण त्यामुळे बिस्किट मऊ राहते व लवकर खराब होते.

गूळ साखरेपेक्षा हितकर आहे, हा समज तपासून पाहण्यासारखा आहे. गुळात सुमारे ८५ टक्के शर्कराच असते व त्याची ऊर्जा दर १०० ग्रॅममागे सुमारे ३५४ किलोकॅलरी असते. त्यात थोडे लोह व इतर खनिजे असतात. परंतु बिस्किटात जाणाऱ्या अल्प प्रमाणात त्यांचा उपयोग नगण्य होय. गूळ वापरण्याचे खरे कारण त्याची चव व ओलावा धरून ठेवण्याचा गुण हे आहे. मधुमेही व्यक्तीस गूळ व साखर ही जवळजवळ सारखीच वर्ज्य असतात.

स्निग्ध पदार्थांत प्रत्येक ग्रॅममागे ९ किलोकॅलरी ऊर्जा असते, मग ते तूप असो वा तेल. तुपात संपृक्त वसाम्ले निम्म्याहून अधिक असतात. करडई हे धाराशिव भागातील जुने रब्बी पीक असून तिच्या तेलात असंपृक्त लिनोलीइक अम्लाचे प्रमाण फार मोठे असते. केवळ तेल वापरल्यास बिस्किट तेलकट लागते. म्हणून अर्धे तूप व अर्धे करडईचे किंवा शेंगदाण्याचे तेल घेणे हा चांगला मध्य होय. वनस्पती तुपातील ट्रान्स वसाम्ले हृदयविकारास पोषक असल्याने १ जानेवारी २०२२ पासून भारतात त्यांचे प्रमाण कमाल २ टक्क्यांवर मर्यादित करण्यात आले आहे. घरी वनस्पती तूप टाळणेच इष्ट.

ज्वारीच्या प्रथिनात लायसीन हे आवश्यक ॲमिनो अम्ल कमी असते, तर हरभऱ्यात ते भरपूर असते. म्हणून फुटाण्याच्या डाळ्याचे पीठ थोडे मिसळल्यास प्रथिनाचा दर्जा सुधारतो व चवही खमंग होते.

प्रमाण : सुमारे २५ बिस्किटांसाठी पुढील जिन्नस पुरतात – ज्वारीचे पीठ १२० ग्रॅ., गव्हाची कणीक ५० ग्रॅ., डाळ्याचे पीठ ३० ग्रॅ., भाजलेल्या शेंगदाण्यांचे भरड कूट ४० ग्रॅ., तीळ २० ग्रॅ., बारीक चिरलेला गूळ ७० ग्रॅ., तूप व तेल मिळून ७० ग्रॅ., दूध सुमारे ६० मिलि., बेकिंग पावडर १ लहान चमचा, चिमूटभर मीठ आणि सुंठ किंवा वेलदोड्याची पूड. ओट वापरावयाचे असल्यास ज्वारीच्या पिठापैकी ६० ग्रॅ. काढून तेवढे ओटचे पोहे घेतात व ते दुधात पंधरा मिनिटे भिजू देतात. अन्यथा ते भाजताना पिठातील ओल शोषून घेतात व बिस्किट कोरडे पडते.

नेहमीच्या नानकटाईशी तुलना केल्यास प्रमाणाचे महत्त्व समजते. मैदा २०० ग्रॅ., साखर १२० ग्रॅ. व तूप १२० ग्रॅ. यांच्या २५ नानकटाया केल्या, तर प्रत्येकीत सुमारे ९० किलोकॅलरी ऊर्जा, जवळजवळ ५ ग्रॅ. साखर व ०·२ ग्रॅ. तंतू येतात. तिच्यात केवळ मैद्याऐवजी ज्वारीचे पीठ घालून साखर व तूप तेवढेच ठेवले, तर ऊर्जा ८९ किलोकॅलरी होते. म्हणजे एका किलोकॅलरीचाच फरक पडतो. तंतू वाढतात, परंतु साखर व तूप जसेच्या तसे राहतात. वर दिलेल्या प्रमाणात मात्र प्रत्येक बिस्किटात सुमारे ७५ किलोकॅलरी, गुळातून येणारी शर्करा अडीच ग्रॅमच्या आत, तंतू १ ग्रॅमहून थोडे अधिक व प्रथिन सुमारे दीड ग्रॅम येते. साखर निम्म्यावर येते व तंतू पाचपटींहून अधिक होतात. ऊर्जा मात्र सहाव्या हिश्श्यानेच घटते. ज्वारीच्या नावाने विकल्या जाणाऱ्या बिस्किटांची पारख करताना वेष्टनावरील घटकांचा क्रम पाहावा. घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने छापलेले असतात. मैदा व साखर अगोदर आणि ज्वारी नंतर असेल, तर नाव व वस्तू यांत अंतर आहे असे समजावे.

कृती : ज्वारी ताजी दळलेली असावी. दाण्याच्या अंकुरातील स्निग्धांश पिठात उतरल्याने जुने पीठ कडवट होते. बाजरीच्या पिठात हा दोष अधिक लवकर येतो. पीठ बारीक चाळणीने चाळून कढईत मंद आचेवर चारपाच मिनिटे खमंग वास येईपर्यंत परततात व पूर्ण थंड करतात. त्याने कच्चट चव जाते. गूळ दुधात मंद आचेवर विरघळवून, गाळून थंड करतात. उकळी आणल्यास दूध नासण्याचा संभव असतो. तूप व तेल परातीत हाताने फेसून घेतात. त्यात सर्व पिठे, कूट, तीळ, बेकिंग पावडर व मीठ घालून हलक्या हाताने कुसकरतात. मूठ वळेल इतके मोहन पिठास लागले म्हणजे गुळाचे दूध थोडे थोडे घालीत गोळा करतात. गोळा झाकून अर्धा तास ठेवणे महत्त्वाचे असते. ज्वारीचे कण सावकाश ओल शोषतात. ही विश्रांती न दिल्यास बिस्किट रवाळ लागते.

नंतर लिंबाएवढे गोळे करून सुमारे ८ मिमी. जाडीचे चपटे करतात. कडा चिरल्यास बोटाने सारख्या करतात किंवा गोळ्यात चमचाभर दूध वाढवितात. तूप लावलेल्या पत्र्यावर बोटभर अंतराने मांडून १६०° ते १७०° से. तापमानास १८ ते २२ मिनिटे भाजतात. कडा तांबूस झाल्या की बिस्किटे काढावीत. ती त्या वेळी मऊच असतात. थंड होताना कडक होतात. मऊ आहेत म्हणून अधिक भाजल्यास ती दातांना टणक लागतात, तसेच करपलेल्या भागात ॲक्रिलमाइड हे अपायकारक द्रव्य वाढते.

भट्टीशिवाय भाजणे : ज्या घरी भट्टी नसते, तेथे जाड बुडाच्या पातेल्यात किंवा जुन्या कुकरमध्ये बोटभर जाडीचा मिठाचा अथवा स्वच्छ कोरड्या वाळूचा थर देतात. त्यावर लोखंडी कडे ठेवून झाकणासह मध्यम आचेवर दहा मिनिटे तापवितात. कुकर वापरल्यास झाकणाची शिट्टी व रबरी कडे काढणे अत्यावश्यक असते, कारण येथे वाफेचा दाब नको असतो. मग कड्यावर थाळी ठेवून, झाकून मंद आचेवर २५ ते ३० मिनिटे भाजतात. उष्णता खालून येत असल्याने बिस्किटांचे तळ अगोदर तांबूस होतात. म्हणून एकावर एक दोन थाळ्या ठेवणे हितावह असते. झाकण वारंवार उघडल्यास आतील तापमान उतरते.

दोष व त्यांची कारणे : बिस्किट भुगा होत असल्यास ओल किंवा कणीक कमी पडलेली असते. ते पसरून एकमेकांना चिकटल्यास गूळ किंवा तूप अधिक झालेले असते अथवा पत्रा भाजण्यापूर्वीच गरम असतो. साबणासारखी चव खाण्याचा सोडा जास्त पडल्याचे लक्षण होय. कडवट चव बहुधा जुन्या पिठामुळे किंवा खवट शेंगदाण्यांमुळे येते. थंड झाल्यावरही मऊ राहणारी बिस्किटे १२०° से. तापमानास पुन्हा आठदहा मिनिटे वाळवितात. बिस्किट या शब्दाचा मूळ अर्थ येथे उपयोगी पडतो.

पोषणविषयक मर्यादा : जागतिक आरोग्य संघटनेने २०१५ मध्ये बाहेरून घातलेली शर्करा दिवसाच्या एकूण ऊर्जेच्या १० टक्क्यांहून कमी व शक्य तर ५ टक्क्यांच्या आत ठेवण्याची शिफारस केली. दोन हजार किलोकॅलरींच्या आहारात ५ टक्के म्हणजे सुमारे २५ ग्रॅ. होतात, लहान मुलांना त्याहून कमी. वरील प्रमाणाच्या तीन बिस्किटांतून सुमारे ७ ग्रॅ. शर्करा मिळते. त्याबरोबर दोन चमचे साखरेचा चहा घेतल्यास ती अडीच पटींच्या आसपास जाते. अशा वेळी बिस्किटाइतकाच चहाचाही विचार करावा लागतो.

चहाचा आणखी एक परिणाम आहे. २०१९–२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयोगटातील निम्म्याहून अधिक स्त्रियांत रक्तक्षय आढळला. ज्वारी-बाजरीतील लोह आकड्यांत चांगले दिसले, तरी धान्यातील फायटिक अम्ल व चहातील टॅनिने त्याचे शोषण कमी करतात. म्हणून बिस्किट चहात बुडवून खाण्याऐवजी दोन जेवणांमध्ये एखाद्या पेरूबरोबर किंवा लिंबाच्या सरबताबरोबर खाल्ल्यास त्यातील लोहाचा उपयोग अधिक होतो; क जीवनसत्त्व लोहाच्या शोषणास मदत करते. रक्तक्षयावर बिस्किटे हा उपचार मात्र नव्हे.

मोड आणून वाळविलेल्या धान्याचे पीठ पचनास हलके असते व त्यातील फायटिक अम्लही कमी होते. परंतु ज्वारीच्या कोवळ्या कोंबांत धुरिन हे द्रव्य असते व त्यापासून विषारी हायड्रोसायनिक अम्ल निर्माण होते. त्यामुळे मोड आणलेली ज्वारी घरी वापरू नये. या कामासाठी नाचणीचे सत्त्व घ्यावे. ग्लुटेन न सोसणाऱ्या रुग्णांसाठी कणीक वगळून डाळ्याचे पीठ वाढवितात. मात्र गावच्या गिरणीत गव्हाच्या दळणानंतर ज्वारी दळल्यास तिच्यात गहू मिसळतो आणि अल्प गहूही अशा रुग्णांस बाधतो. त्यांच्यासाठी धान्य घरच्या जात्यावर किंवा स्वतंत्र चक्कीत दळावे लागते. शेंगदाणे किंवा तीळ यांची अधिहर्षता असलेल्यांनी ते वगळावेत.

साठवण : पूर्ण थंड झालेली बिस्किटे घट्ट झाकणाच्या कोरड्या डब्यात दोन ते तीन आठवडे टिकतात. गरम असताना डबा बंद केल्यास आतील वाफेने ती मऊ पडतात. शेंगदाणे व तीळ यांमुळे ती उन्हाळ्यात लवकर खवट होतात. म्हणून एका वेळी थोडीच करणे श्रेयस्कर. थोडी केली म्हणजे थोडी खाल्ली जातात, हाही त्याचा लाभ होय.

प्रसार व आर्थिक महत्त्व : संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे आंतरराष्ट्रीय भरडधान्य वर्ष म्हणून पाळले व त्यानिमित्त ज्वारीच्या प्रक्रिया पदार्थांकडे शहरी ग्राहकांचे लक्ष गेले. हैदराबाद येथील भारतीय भरडधान्य संशोधन संस्था ज्वारीच्या प्रक्रिया पदार्थांवर काम करते. रब्बी ज्वारीसाठी तिचे केंद्र सोलापूर येथे आहे. परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठातही अन्न व पोषण या विषयाचे अध्यापन व संशोधन चालते. घरी केलेली बिस्किटे विकावयाची झाल्यास अन्नसुरक्षा कायद्याखालील नोंदणी व वेष्टनावर घटकांची नोंद बंधनकारक आहे.

धाराशिव जिल्ह्यात या विषयास आणखी एक बाजू आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपात लातूर जिल्ह्यातील किल्लारीबरोबर या जिल्ह्यातील सास्तूर परिसराचीही मोठी हानी झाली. त्यानंतरच्या पुनर्वसनकार्यातून पुढे आलेल्या स्वयं शिक्षण प्रयोग या संस्थेने मराठवाड्यातील स्त्री-शेतकऱ्यांत एक एकर शेतीची पद्धत रुजविली. कुटुंबाच्या जमिनीपैकी सुमारे एक एकर स्त्रीच्या निर्णयाखाली ठेवून तीत धान्य, कडधान्ये व भाजीपाला ही घरच्या खाण्याची पिके कमी पाण्यावर घ्यायची, असे तिचे स्वरूप आहे. या कार्यासाठी संस्थेस २०१६ मध्ये संयुक्त राष्ट्र विकास कार्यक्रमाचे इक्वेटर पारितोषिक मिळाले. अशा एकरात पिकणारी ज्वारी, हरभरा, तीळ व भुईमूग यांतून वर वर्णिलेल्या बिस्किटांचे बहुतेक जिन्नस निघतात. विकत आणावे लागतात ते मुख्यतः गूळ, तेल व बेकिंग पावडर. शहरातील दुकानात ज्वारीची बिस्किटे ही महाग व नवलाईची वस्तू असली, तरी ज्वारी पिकविणाऱ्या घरी ती पुड्यातील बिस्किटांच्या जागी अल्प खर्चात येऊ शकतात. मात्र त्यांनी भाकरीची जागा घेणे इष्ट नाही. भाकरीत गूळही नसतो व तूपही वरून लावू तेवढेच असते. म्हणून ज्वारीचे पोषणमूल्य सर्वांत कमी खर्चात व सर्वांत शुद्ध स्वरूपात तिच्यातूनच मिळते. बिस्किटांचे स्थान रोजच्या जेवणात नसून मधल्या वेळच्या खाऊत आहे व तेथे एका वेळी दोनतीन बिस्किटे पुरेशी होत.